मोटार दुरुस्त झाली. संकटाची हाक पोहोचते काय?

(रस्ता सुरक्षा महिन्यानिमित्त भरलेल्या गॅरेजचालक, टॅक्सीमालक व वाहनधारक यांच्या मेळाव्यात एका माहिती अधिकाऱ्यांनी केलेल्या भाषणाचा मजकूर.)



माझ्या आधीच्या वक्त्यांनी हेल्मेट, सीटबेल्ट, वेगमर्यादा आणि मद्यप्राशन या विषयांवर जे सांगितले ते मोलाचे आहे. परंतु ते आपण सर्वांनी पूर्वीही ऐकले आहे. मी आज एका लहानशा बटणाविषयी बोलणार आहे. अलीकडच्या अनेक मोटारींत ते चालकाच्या डोक्यावर, आरशाजवळ असते आणि त्यावर 'एस.ओ.एस.' अशी अक्षरे असतात. टॅक्सीत आणि बसमध्ये ते लाल रंगाचे असून प्रवाशाच्या हाताशी बसविलेले असते. मोटार गॅरेजातून दुरुस्त होऊन आल्यावर हे बटण काम करते की नाही, हे कोणी पाहते काय, एवढाच माझा प्रश्न आहे.

मी कला शाखेचा पदवीधर. फ्यूज म्हणजे काय हे मला चाळिशी ओलांडल्यावर कळले. तेव्हा समोर बसलेल्या मिस्त्री मंडळींना त्यांचा धंदा शिकविण्यासाठी मी उभा राहिलेलो नाही. बिल भरून गाडीची किल्ली ताब्यात घेणाऱ्या माणसाच्या बाजूने मी बोलतो आहे, असे समजावे.

प्रथम ही व्यवस्था चालते कशी, ते थोडक्यात सांगतो. गाडीत एक संपर्क-यंत्र असते. त्यात मोबाइलसारखेच सिमकार्ड असते, पण ते आत कायमचे जडविलेले. उपग्रहांवरून गाडीचे ठिकाण ओळखण्यासाठी अँटेना असतो. बहुतेक गाड्यांत तो छतावर, शार्क माशाच्या परासारखा उभा दिसतो. बोलण्यासाठी माइक, ऐकण्यासाठी स्पीकर आणि गाडीची मुख्य बॅटरी निकामी झाली तर तेवढ्यापुरती वीज देणारी एक छोटी राखीव बॅटरी असते. बटण दाबले की हाक जाते. आणि अनेक गाड्यांत एअरबॅग उघडल्यास बटण न दाबताही ती आपोआप जाते.

युरोपीय संघाने ३१ मार्च २०१८ पासून मोटारींच्या आणि हलक्या मालवाहू गाड्यांच्या प्रत्येक नव्या नमुन्यात ही व्यवस्था बंधनकारक केली. तिला तेथे 'ई-कॉल' म्हणतात आणि ती हाक थेट ११२ या क्रमांकावर जाते. आवाजाबरोबर माहितीची एक लहान चिठ्ठीही जाते. अवघी १४० बाइट्सची. एवढ्याशा जागेत गाडीचे ठिकाण, तिचे तोंड कोणत्या दिशेला आहे ते, वेळ, गाडीचा ओळख-क्रमांक, तिचे इंधन कोणते आणि किती पट्टे लावलेले होते, इतके सारे बसविलेले आहे. मला त्यातील आणखी एका नोंदीचे विशेष कौतुक वाटते. कळविलेल्या ठिकाणावर विश्वास ठेवावा की न ठेवावा, हेही ते यंत्र स्वतःच कळविते. आपल्याला खात्री नाही हे प्रांजळपणे सांगण्याची ही सोय माणसांतही असती, तर आमच्या खात्याचे काम पुष्कळ हलके झाले असते.

आपल्याकडे खाजगी मोटारींना अशी सक्ती नाही. तथापि २०१९ पासून ह्युंदाई व्हेन्यू, एम.जी. हेक्टर, किया सेल्टोस यांसारख्या गाड्यांबरोबर हे बटण मध्यमवर्गीयांच्या दारात येऊन उभे राहिले. या गाड्यांतील हाक प्रथम कंपनीच्या मदत-केंद्राकडे जाते आणि तेथील माणसे पुढील मदत मिळवून देतात. टॅक्सी-बसची व्यवस्था वेगळी आहे. तिच्याकडे नंतर येतो.

आता मी या विषयाकडे का वळलो, ते सांगणे भाग आहे. यात माझ्या घरची गोष्ट आहे. कोणाचेही नाव मी घेणार नाही.

माझ्या दाजींनी अशी एक मोटार जुन्या बाजारातून घेतली. गाडी उत्तम होती. वळवाच्या पावसात तिच्यावर झाडाची फांदी कोसळली. छताला पोचा आला आणि पुढची काच फुटली. कोल्हापुरातील एका गॅरेजात ती बारा दिवस होती. परत आली तेव्हा छताचा पोचा कोठे होता हे हात फिरवूनही कळत नव्हते. रंग असा जुळलेला की दाजींनी मिस्त्रींना बिलाच्या वर बक्षीस दिले. मात्र डोक्यावरील बटणाशेजारचा दिवा, जो पूर्वी हिरवा असे, तो आता लाल दिसत होता. दाजींनी विचारले. उत्तर मिळाले, "साहेब, गाडी चालायला त्याचा काही संबंध नाही. दोन-चार दिवसांत आपोआप जाईल."

पहिले वाक्य अगदी खरे होते. गाडी उत्तम चालत होती. दिवा मात्र गेला नाही, आणि आठवड्याभराने त्याच्याकडे पाहण्याचीही कोणाला आठवण राहिली नाही.

तीन महिन्यांनी ताई आणि दाजी रात्री रत्नागिरीकडे निघाले होते. आंबा घाट उतरून झाल्यावर, साखरप्याच्या अलीकडे, गुरे चुकविताना गाडी रस्ता सोडून चरात गेली आणि एका कुशीवर कलंडली. दाजींचा फोन फुटलेल्या खिडकीतून बाहेर चिखलात पडला. ताईच्या फोनची बॅटरी संपली होती. ताईचा पाय दोन आसनांमध्ये अडकला होता. दाजींनी बटण दाबले. हाक गेली! घंटी वाजली आणि एका मुलीचा आवाज आला, "नमस्कार, आपल्याला मदत हवी आहे का?" दाजी ओरडून सांगत होते. ताई ओरडत होती. पलीकडून ती मुलगी म्हणत होती, "आपला आवाज येत नाही. कृपया बोला. आपला आवाज येत नाही." असे तीनदा झाले आणि संपर्क तुटला.

त्या मुलीने आपले काम चोख केले, हे नंतर कळले. तिच्यासमोर गाडीचे जे ठिकाण दिसत होते ते कोल्हापुरातील होते. ज्या गल्लीत ते गॅरेज आहे ती गल्ली. तिने नोंदीतील मोबाइल क्रमांकावर फोन केला. तो पहिल्या मालकाचा होता. तो गृहस्थ झोपेतून उठून म्हणाला, "गाडी मी केव्हाच विकली." यापुढे ती बिचारी काय करणार?

पाऊण तासाने रत्नागिरीहून कोल्हापूरकडे जाणारा मासळीचा टेम्पो तेथून गेला. त्याच्या चालकाने उलटलेल्या गाडीचे दिवे पाहिले, टेम्पो थांबविला, १०८ ला फोन लावला आणि रुग्णवाहिका येईपर्यंत तो तेथून हलला नाही. ताई वाचली. मांडीचे हाड दोन ठिकाणी मोडले होते. आजही ती जिना चढताना कठडा सोडत नाही.

मोटार वाहन कायद्यात २०१९ च्या दुरुस्तीने 'सुवर्ण तास' या संज्ञेची व्याख्या घालण्यात आली. गंभीर इजा झाल्यानंतरचा पहिला एक तास, ज्यात तातडीच्या उपचाराने मृत्यू टळण्याची शक्यता सर्वांत अधिक असते, तो हा तास. त्यातील पाऊण तास ताईने चरात काढला, आणि तोही हाक पोहोचलेली असताना.

गाडी पुन्हा दुरुस्तीला गेली, ती या वेळी दुसऱ्या गॅरेजात. चरात लागलेला मार डाव्या कुशीला होता. छत जसेच्या तसे होते. तेथे वायरिंगचे काम करणारे एक वयस्क मिस्त्री होते. मी त्या दिवशी मुद्दाम हजर राहिलो. माझी अशी कल्पना होती की ते लगेच स्कॅनर लावतील आणि पडद्यावर दोष उमटेल. त्यांनी स्कॅनरला हातही लावला नाही. त्यांनी विचारले, "आधीच्या कामाचं बिल आहे का?"

बिल दाजींच्या कपाटात होते, ते मागविले. मिस्त्रींनी चष्मा लावून ते वाचले. पुढील काच बदली. छताचे अस्तर काढणे व बसविणे. छताचा पोचा काढणे. छत रंगकाम. एवढ्या चार ओळी. त्यांनी प्रत्येक ओळीवर बोट ठेवून मला सांगितले की, काच बदलताना आरशाजवळचा डबा उघडावा लागतो आणि माइक त्याच डब्यात असतो. पोचा आतून काढायचा तर अस्तर उतरवावे लागते आणि अस्तराखालून अँटेनाची वायर जाते. रंग द्यायचा तर अँटेना वरून काढावा लागतो. मग त्यांनी आरशाजवळचा डबा उघडला. माइकचा कपलर नुसता लोंबत होता; त्याची प्लॅस्टिकची कडी मोडलेली होती. कोणीतरी तो तसाच आत सारून झाकण लावले होते. मागे अँटेनाची वायर अस्तराखाली व्यवस्थित घडी करून ठेवलेली सापडली. घडी नीट होती; जोडायची मात्र राहून गेली होती. यंत्राला आकाश शेवटचे दिसले ते त्या गॅरेजच्या दारात, म्हणून तेच ठिकाण त्याने तीन महिने उराशी धरले होते. त्या ठिकाणावर विश्वास ठेवू नये, असेही ते बहुधा कळवीत असेल. पण दुसरे ठिकाण त्याच्याजवळ नव्हते.

"आणि तो फोन नंबर?" मी विचारले.

"ती वायर गाडीत नाही साहेब," ते म्हणाले, "ती कागदात तुटली आहे. ती तुमची तुम्ही जोडा."

दोन कपलर आणि एक क्रमांक. माइकच्या नव्या कडीला शंभर रुपयेही पडले नाहीत.

या प्रसंगानंतर मी अनेक मिस्त्रींना भेटलो, विक्री-केंद्रांतील कर्मचाऱ्यांशी बोललो, गाड्यांबरोबर येणाऱ्या माहितीपुस्तिका वाचल्या. दोष शोधण्याची वाट जवळजवळ नेहमी त्या वयस्क मिस्त्रींनी दाखविलेलीच निघाली. दुरुस्तीपूर्वी यंत्र चालत होते आणि नंतर बंद पडले, तर ज्याला हात लागला तेथून आरंभ करावा. संपर्क-यंत्र स्वतःहून बिघडलेले असणे अशक्य नाही. परंतु तो विचार शेवटी करावा. महागडे यंत्र बदलण्याचा सल्ला पहिल्याच दिवशी मिळाला, तर ग्राहकाने थोडे सावध व्हावे.

तथापि दोष शोधण्यापूर्वी एक गोष्ट करावी. गाडी शेडमधून बाहेर काढावी. आपली बहुतेक गॅरेजे पत्र्याच्या छपराखाली आहेत. पत्र्याखाली उपग्रहाचा संकेत पोहोचत नाही आणि मोबाइलचाही क्षीण होतो. तेथे उभ्या गाडीचा दिवा लाल असला तर तो दोष गाडीचा नसून छपराचा असू शकतो. उघड्या मैदानात गाडी चालू करून दहा-पंधरा मिनिटे उभी करावी, थोडी फिरवून आणावी आणि मग दिव्याकडे पाहावे. याची दुसरीही बाजू आहे. "बाहेर गेल्यावर दिवा जाईल" असे सांगून गाडी ग्राहकाच्या हवाली करणारे मिस्त्रीही आहेत. बाहेर जाऊन तो गेलेला दोघांनी मिळून पाहावा, एवढाच त्यावर उपाय.

बॅटरीचे काम झाले असेल तर वेगळा विचार करावा लागतो. पत्र्याच्या किंवा वेल्डिंगच्या कामापूर्वी मुख्य बॅटरीची तार काढून ठेवणे योग्यच आहे. पण विम्याच्या मंजुरीची वाट पाहत गाडी महिना महिना उभी राहते, हे आपणा सर्वांना ठाऊक आहे. त्या काळात आतील छोटी राखीव बॅटरी उतरते. काही गाड्यांत ती पुन्हा भरली जाते. पण ती जुनी झालेली असल्यास पुरेशी भरत नाही आणि यंत्र तक्रार करते. काही वर्षांनी तिचे आयुष्य संपतेच. ही बॅटरी गाडीच्या रोजच्या चालण्यात काहीही भाग घेत नाही, म्हणून तिची आठवण कोणालाच नसते. धडकेत मुख्य बॅटरी चेपली गेली किंवा तिची तार तुटली की सारा भार हिच्यावरच येतो. धडकेच्या क्षणी वीज डळमळणे ही केवळ कल्पना नाही. फेब्रुवारी २०२१ मध्ये मर्सिडीझ-बेंझ कंपनीला अमेरिकेत सुमारे १३ लाख मोटारींची संगणकीय आज्ञावली सुधारून द्यावी लागली. कारण धडकेमुळे संपर्क-यंत्राचा वीजपुरवठा क्षणभर कोसळल्यास गाडीचे चुकीचे ठिकाण कळविले जाण्याची शक्यता आढळली होती. इतक्या नामांकित कारखान्यातून निघालेल्या गाडीच्या बाबतीत असे घडू शकते, तर गॅरेजातून निघालेल्या गाडीची तपासणी नको असे कोण म्हणेल?

एअरबॅगचे काम झाले असल्यास मी मिस्त्री मंडळींना कळकळीची विनंती करीन. बटण दाबून हाक गेली म्हणजे आपोआप जाणारी हाकही जाईल, असे समजू नका. या दोन वाटा निराळ्या आहेत. बटणाची वाट बोटापासून संपर्क-यंत्राकडे येते. आपोआप जाणारी हाक एअरबॅगच्या नियंत्रकाकडून निघते. गाडी सुरू करताना एअरबॅगचा दिवा क्षणभर लागून विझला पाहिजे. तो लागलेलाच राहिला, तर त्या नियंत्रकाच्या हाकेचा भरवसा धरता येत नाही. आणि तो मुळीच लागला नाही, तर कोणीतरी दिवाच काढून टाकला असावा असा संशय घ्यावा. हे मी ऐकीव सांगत नाही. मी असा काढलेला दिवा पाहिला आहे. धडक घेऊन गाडीची चाचणी करता येत नाही, म्हणून येथे स्कॅनर हाच आधार. धडकेची नोंद नियंत्रकात तशीच राहिली आहे काय, तो बदलावयास हवा होता काय, संपर्क-यंत्राशी त्याचे बोलणे होते काय, हे स्कॅनर सांगतो. स्कॅनरने दाखविलेला दोष नुसता पुसून टाकणे म्हणजे दुरुस्ती नव्हे. कारण दूर केले नसेल तर तो परत येतो, आणि पुष्कळदा ग्राहक घरी पोहोचण्यापूर्वीच.

आणखी एक कारण हल्ली वरचेवर आढळते. हौसेने डॅशबोर्डवर बाजारातील मोठ्या पडद्याचा स्टीरिओ बसविला जातो. काही गाड्यांत संकटकालीन हाकेचा आवाज मूळ स्टीरिओतूनच येतो. मूळ स्टीरिओ निघाला की हाक जाते, पण पलीकडचे बोलणे ऐकू येत नाही. गाणी मात्र उत्तम वाजतात.

संपर्क-यंत्रच बदलले असेल तर काम वायरीवर संपत नाही. नव्या यंत्रात नवे सिमकार्ड असते. ते कंपनीच्या नोंदीत त्या गाडीच्या क्रमांकाशी जोडून घ्यावे लागते आणि चालू करून घ्यावे लागते. ते न केल्यास गाडीतील प्रत्येक कपलर जागच्या जागी असूनही यंत्र मुके राहते. तसेच ही सेवा ठराविक वर्षांपुरती असते आणि पुढे तिचे नूतनीकरण करावे लागते. दुरुस्तीच्या सुमारासच मुदत संपली, तर दोष गॅरेजच्या माथी येतो. तेव्हा मिस्त्रींनीही आपल्या बचावासाठी मुदत आधी पाहून ठेवावी. गाडी विकत घेणाऱ्याने नोंदणी-पुस्तकावरील नाव बदलताना या सेवेतील नाव व मोबाइल क्रमांकही बदलून घ्यावा. आमच्या घरी हा धडा फार महागात पडला.

मोबाइलचे जाळेच बदलले तर काय होते, असा प्रश्न मला एका सभेत विचारण्यात आला होता. युरोपात आज तो मोठाच प्रश्न झाला आहे. तेथील पहिली ई-कॉल यंत्रे दुसऱ्या व तिसऱ्या पिढीच्या जाळ्यांवर चालणारी. ती जाळी एकेका देशात बंद होत आहेत, म्हणून नव्या नमुन्यांसाठी २०२६ पासून चौथ्या पिढीच्या जाळ्यावर चालणाऱ्या यंत्राचा नियम करण्यात आला. शिवाय २०२१ मध्येच वाहनांच्या नियतकालिक तपासणीच्या यादीत तेथे ई-कॉलची भर घालण्यात आली. आपल्या खाजगी गाड्यांना तशी तपासणी नाही. म्हणून येथे तपासणारा एकतर मिस्त्री असेल किंवा मालक.

आता टॅक्सीमालक बंधूंकडे वळतो. केंद्रीय मोटार वाहन नियमांतील १२५ एच हा नियम आपणांस ठाऊक आहे. १ जानेवारी २०१९ पासून नव्याने नोंदल्या जाणाऱ्या सार्वजनिक प्रवासी वाहनांत ठिकाण कळविणारे यंत्र आणि संकटकालीन बटण असणे आवश्यक आहे. तीनचाकींना त्यातून वगळले आहे. या यंत्राचे मानक म्हणजे ए.आय.एस. १४०. ते मी सवडीने वाचले. त्यातील काही गोष्टी प्रत्येक वायरमनला ठाऊक असाव्यात. बटण 'नॉर्मली क्लोज्ड' जातीचे असावे, असे त्यात म्हटले आहे. म्हणजे बटण न दाबलेले असताना त्यातून वीजमार्ग पूर्ण असतो आणि दाबल्यावर तो तुटतो. मल्टिमीटर लावला तर बटण मोकळे असताना मार्ग दिसला पाहिजे आणि दाबल्यावर नाहीसा झाला पाहिजे. बटणाची वायर कोणी तोडली तरीही यंत्राला ते समजते. आसनांचे कव्हर बदलताना किंवा दाराच्या आतील पॅड काढताना बटणाच्या वायरी 'अडचण होते' म्हणून एकमेकींना पिळून ठेवण्याचा प्रकार काही ठिकाणी होतो. तसे केल्यास मार्ग कायम पूर्ण राहतो, यंत्राला सर्व आलबेल वाटते, आणि प्रवासी बटण दाबत राहतो. माझ्या मते या विषयातील सर्वांत घातक चूक हीच. कारण ती कोणत्याही दिव्यावर दिसत नाही.

याच मानकानुसार यंत्रातील राखीव बॅटरी किमान ४ तास पुरली पाहिजे. मुख्य बॅटरी काढली की यंत्र तशी सूचना पाठविते आणि परत जोडली की तीही कळविते. डेटाचा संपर्क नसेल तर संकटाची सूचना एस.एम.एस.ने जावी, अशी तरतूद आहे. जाळे नसेल तेव्हा ठिकाणांच्या ४०,००० नोंदी साठवून ठेवण्याची क्षमताही त्यात अपेक्षित आहे. म्हणून बॅटरीचे काम झाल्यावर यंत्र पुरविणाऱ्याकडे एक फोन करून विचारावे की, बॅटरी काढल्याची आणि जोडल्याची, अशा दोन्ही सूचना मिळाल्या काय? पहिली मिळाली आणि दुसरी मिळाली नाही, तर वायर किंवा फ्यूज पाहावा. एकही मिळाली नाही, तर यंत्र दुरुस्तीपूर्वीपासूनच झोपलेले होते असे समजावे.

चाचणी कशी करावी, याविषयी गैरसमज आहेत. ११२ वर गंमत म्हणून किंवा चाचणी म्हणून हाका पाठवू नयेत. त्या वेळी खरोखर संकटात असलेला कोणीतरी रांगेत ताटकळत असतो. टॅक्सीचे बटण तपासायचे तर आधी यंत्र पुरविणाऱ्याला कळवावे, चाचणी कशी व केव्हा घ्यायची ते त्यालाच ठरवू द्यावे, मग प्रत्येक बटण एकेक करून दाबावे आणि आलेली सूचना त्याच्याकडून बंद करून घ्यावी. एक बटण चालले म्हणून बाकीची चालतात असे नव्हे. खाजगी मोटारीची हाक कंपनीच्या केंद्राकडे जात असेल, तर माहितीपुस्तिकेत चाचणीची रीत दिली आहे काय ते पाहावे. नसल्यास केंद्राला आधी फोन करून विचारावे. चाचणी घेताना "ही चाचणी आहे, अपघात नाही" हे पहिलेच वाक्य असावे. नंतर पलीकडच्या माणसाला तीन गोष्टी विचाराव्यात. माझा आवाज येतो काय? माझी गाडी आपल्याला कोठे दिसते? संपर्क तुटला तर आपण कोणत्या क्रमांकावर फोन कराल? दाजींच्या गाडीत या तिन्ही प्रश्नांची उत्तरे चुकलेली होती. आणि एवढी विचारपूस दोन मिनिटांत होते.

गॅरेजचालकांना मी असे सुचवीन की, कामाच्या पावतीवर, गाडी आत घेताना जसे आपण किलोमीटर आणि इंधन लिहिता, तसाच या दिव्याचा रंग लिहावा. आत येताना हिरवा, जाताना हिरवा. येतानाच लाल असेल तर तसे लिहून ग्राहकाची सही घ्यावी. पुढचा वाद टळतो. चाचणी घेतली असल्यास तारीख आणि वेळ लिहावी. काही मंडळी म्हणतील की, यासाठी वेगळा वेळ जातो आणि त्याचे पैसे कोण देणार? प्रश्न रास्त आहे. माझे उत्तर असे की, बिलात त्याची ओळ जरूर घालावी. ज्या ग्राहकाने रंगासाठी बक्षीस दिले, तो या ओळीचे पैसे निश्चित देईल. फक्त ती ओळ कशाची, हे त्याला कोणीतरी सांगायला हवे.

आणि गाडीचे बटण चालत असो वा नसो, ते मोबाइलच्या जाळ्यावर अवलंबून आहे, हे विसरू नये. सह्याद्रीच्या घाटवळणांत जेथे आपला फोन मुका होतो, तेथे गाडीचे यंत्रही मुके होऊ शकते. म्हणून ११२, रुग्णवाहिकेचा १०८ आणि राष्ट्रीय महामार्गावरील मदतीचा १०३३ हे क्रमांक गाडीतील प्रत्येकाला पाठ असावेत, लहान मुलांनाही. वाटेत उलटलेली गाडी दिसल्यास थांबावे. थांबून मदत करणाऱ्याला कायद्याच्या कलम १३४ अ चे संरक्षण आहे. त्याच्यावर नाव-पत्ता सांगण्याची सक्तीही करता येत नाही. त्या मासळीच्या टेम्पोचालकाने आपले नाव सांगितले नाही. ताईने रुग्णालयातून परतल्यावर त्याचा पुष्कळ शोध घेतला. तो अद्याप सापडलेला नाही.

मित्रहो, ज्या सभागृहात आपण बसलो आहोत त्याचे छप्पर पत्र्याचे आहे, त्यामुळे प्रात्यक्षिक येथे करता येणार नाही. बाहेर मैदानात दोन वाहने उभी आहेत: एक टॅक्सी आणि एक गेल्याच आठवड्यात काच बदलून आलेली खाजगी मोटार. टॅक्सीचे यंत्र पुरविणाऱ्यांना आपण सकाळीच कळवून ठेवले आहे. खाजगी मोटारीच्या मालकांनी दिवा हिरवा असल्याचे सांगितले आहे. तरीही आपण तिचा आवाज आणि ठिकाण तपासू. ज्यांच्याजवळ मल्टिमीटर असेल त्यांनी तो बरोबर घ्यावा. चला, बाहेर जाऊ.